रॅम्पवरून माहितीपटात आणि टीव्हीवर: सही करण्याआधी काय पाहाल?

मॉडेलिंग करणाऱ्या वाचकांकडून, आणि बऱ्याचदा त्यांच्या आईवडिलांकडून, एकाच धाटणीचे प्रश्न येत राहतात. माहितीपटासाठी महिनाभर मागे कॅमेरा घेऊन फिरायचं म्हणतात, पण मानधन नाही, हे बरोबर आहे का? रिअ‍ॅलिटी शोचा चाळीस पानी करार आला आहे आणि सही उद्याच हवी आहे, काय करू? एजन्सी म्हणते की आमच्या परवानगीशिवाय टीव्हीवर दिसायचं नाही, तिला तसा अधिकार आहे का?

जाहिरातीच्या व्यवहाराची सवय असलेल्यांचा इथे गोंधळ होणं साहजिक आहे. जाहिरातीत तुमचा चेहरा ठरावीक मुदतीसाठी, ठरावीक वस्तूसाठी घेतला जातो. माहितीपटात आणि टीव्हीवर तुमचं बोलणं, तुमचा स्वभाव, प्रसंगी तुमचं घरही पडद्यावर जातं, आणि त्यातलं काय ठेवायचं, काय कापायचं हे संकलनाच्या टेबलावर दुसरं कुणी ठरवतं. म्हणून मानधनाच्या आकड्याआधी करारातल्या दुसऱ्या काही ओळी वाचायच्या असतात.

आधी तुमची भूमिका नेमकी विचारा

"डॉक्युमेंटरीत काम आहे" एवढ्यावर होकार देऊ नका. त्या एका वाक्यात चार वेगवेगळी कामं दडलेली असू शकतात:

- विषय म्हणून: कथा तुमची, आयुष्य तुमचं. इथे बहुधा मानधन नसतं, आणि जोखीम सर्वांत जास्त असते.
- निवेदक म्हणून: तुम्ही कॅमेऱ्यासमोर येऊन दुसऱ्याचा विषय प्रेक्षकांना सांगता. हे व्यावसायिक काम आहे, त्याचं मानधन मागायचं.
- पार्श्वनिवेदन: फक्त आवाज. मराठी आणि हिंदी दोन्ही स्वच्छ असतील तर हे काम चेहऱ्यापेक्षा जास्त वर्षं टिकतं.
- नाट्यरूपांतरातली भूमिका: घडून गेलेला प्रसंग अभिनयातून दाखवला जातो. गुन्हेविषयक माहितीपटांत हे फार असतं. प्रेक्षक तुम्हाला खऱ्या पीडितेशी किंवा आरोपीशी जोडणार नाहीत, यासाठी "नाट्यरूपांतर" अशी पाटी पडद्यावर येईल हे लिहून घ्या.

टीव्हीचंही तसंच आहे. मालिकेतली भूमिका, रिअ‍ॅलिटी शोमधला स्पर्धक, परीक्षक, सूत्रसंचालक, चर्चेतला पाहुणा, या प्रत्येकाचा करार वेगळा असतो. मला विचाराल तर नवख्या माणसाने सुरुवात निवेदनापासून करावी. त्यात बोलायची सवय होते, संकलन कसं चालतं ते जवळून दिसतं, आणि स्वतःचं खासगी आयुष्य पणाला लागत नाही. रिअ‍ॅलिटी शोने ओळख झटपट मिळते, पण ती कोणत्या प्रतिमेसह मिळेल हे तुमच्या हातात फारच कमी असतं.

माहितीपटाचा विषय होताना

निशा पाहुजा यांचा २०१२चा 'द वर्ल्ड बिफोर हर' या क्षेत्रात पाऊल टाकणाऱ्या प्रत्येकाने पाहावा. त्यात एका बाजूला मिस इंडिया स्पर्धेच्या तयारीचं शिबिर आहे, दुसऱ्या बाजूला विश्व हिंदू परिषदेच्या दुर्गा वाहिनीचं. स्पर्धक मुलींचे चेहरे पांढऱ्या कापडाने झाकून फक्त त्यांचे पाय जोखले जातात, ते दृश्य ज्याने पाहिलं तो विसरत नाही. पुण्यात वाढलेली, २००९ची मिस इंडिया पूजा चोप्रा त्यात आहे, आणि तिच्या आईने घरातली अत्यंत दुखरी हकीकत कॅमेऱ्यासमोर सांगितली आहे. चित्रपट उत्तम आहे, न्यूयॉर्कच्या ट्रायबेका महोत्सवात त्याला पुरस्कारही मिळाला.

तुमच्यासाठी त्यात दोन गोष्टी पाहण्यासारख्या आहेत. पहिली, दोन शिबिरं आलटूनपालटून दाखवल्यामुळे प्रत्येक दृश्याला नवा अर्थ येतो. एकही दृश्य खोटं नसताना शेजारी काय ठेवलं यावरून प्रेक्षकांचं मत घडतं. दुसरी, माहितीपट तुमच्यापाशी थांबत नाही, तो आईपर्यंत, भावंडांपर्यंत पोहोचतो. त्यांचा होकार तुम्ही परस्पर देऊ शकत नाही. त्यांच्याशी आधी बसून बोला, आणि त्यांचं संमतीपत्र वेगळं घ्यायला निर्मात्याला सांगा.

अटी आधी घालता येतात, हेही लक्षात ठेवा. सोमालियात जन्मलेल्या मॉडेल वारिस दिरी यांच्यावर बीबीसीने १९९५मध्ये 'अ नोमॅड इन न्यूयॉर्क' हा माहितीपट केला. आपल्या आईला शोधायला मदत करणार असाल तर मी तयार आहे, अशी अट त्यांनी घातली होती. दुसऱ्या टोकाला २०२३ची 'द सुपर मॉडेल्स' ही मालिका आहे. तिच्यात नेओमी कॅम्पबेल, सिंडी क्रॉफर्ड, लिंडा इव्हँजेलिस्टा आणि क्रिस्टी टर्लिंग्टन या चौघी स्वतःच कार्यकारी निर्मात्याही आहेत. म्हणजे स्वतःची कथा सांगताना सत्ता कुणाकडे, हा प्रश्न त्यांनी निर्मितीत शिरून सोडवला. नवख्या मुलीला एवढं मिळणार नाही, पण पुढचे प्रश्न विचारायला नाव मोठं असावं लागत नाही:

- चित्रपटाचा विषय काय? दोन पानांचा लेखी आराखडा ईमेलवर पाठवा.
- पैसा कुणाचा आहे? वाहिनी, संस्था, ब्रँड की राजकीय पक्ष?
- माझ्याशिवाय आणखी कुणावर चित्रीकरण होणार आहे?
- कोणत्या जागा आणि कोणते विषय वर्ज्य राहतील? घर, आजारपण, जुनं नातं, जात, मिळकत, जे असेल ते नावानिशी लिहा.
- संकलित चित्रपट प्रदर्शनापूर्वी मला दाखवणार का? तथ्यातल्या चुका दुरुस्त करणार का?
- न वापरलेल्या चित्रीकरणाचं काय होणार? ते दुसऱ्या निर्मात्याला विकता येणार का?

चित्रपट कसा संपवावा यावर तुम्हाला अधिकार मिळणार नाही, आणि कोणताही प्रामाणिक दिग्दर्शक तो देणार नाही. ते योग्यही आहे, नाहीतर माहितीपटाची जाहिरात होईल. आधी पाहण्याची संधी आणि चुकीची माहिती दुरुस्त करण्याचं आश्वासन मात्र मागायलाच हवं. ते नाकारणाऱ्या निर्मात्याबरोबर, विषय खासगी असेल तर, काम करू नका असं माझं स्पष्ट मत आहे.

मानधनाबद्दल थोडं. विषय असलेल्या व्यक्तीला पैसे दिले तर तिच्या बोलण्याची विश्वासार्हता कमी होते, असं अनेक माहितीपटकार मानतात. त्यामुळे नकार मिळाला म्हणजे फसवणूक असं समजू नका. पण चित्रीकरणामुळे बुडालेल्या कामाच्या दिवसांची भरपाई, प्रवास, जेवण आणि मेकअपचा खर्च मागणं रास्त आहे. ब्रँडच्या पैशावर होणाऱ्या "माहितीपटा"ला मात्र जाहिरातीचाच दर लावा.

रिअ‍ॅलिटी शोचा जाड करार

"सगळे सही करतात, तुम्हीपण करा" हे उत्तर ऐकून घेऊ नका. किमान तीन दिवस मागा आणि करारांचं काम करणाऱ्या वकिलाकडून वाचून घ्या. वकिलाची फी ही मेकअप किटइतकीच धंद्यातली गुंतवणूक आहे. वाचताना या कलमांपाशी थांबा:

- बांधीलकीचा काळ: शो संपल्यावर किती महिने दुसऱ्या वाहिनीवर जाता येणार नाही? त्या काळात दरमहा काही मिळणार आहे का?
- आधीच्या जाहिराती: तुम्ही एका शाम्पूचा चेहरा असाल आणि शोचा प्रायोजक दुसरा शाम्पू असेल तर दोन्ही करार एकमेकांना छेद देतात. चालू करारांची यादी लेखी कळवा.
- चित्रणाचा वापर: "सर्व माध्यमांत, जगभर, कायमचा" असं बहुतेक वेळा असतंच. शोपुरतं ते समजू शकतं. पण तुमचा चेहरा प्रायोजकाच्या वस्तूवर किंवा वेगळ्या जाहिरातीत वापरायचा असेल तर वेगळी परवानगी आणि वेगळे पैसे, अशी ओळ घाला.
- कृत्रिम बुद्धिमत्ता: तुमच्या चेहऱ्याची किंवा आवाजाची डिजिटल प्रतिकृती बनवता येणार नाही, असं स्पष्ट लिहून घ्या. अनिल कपूर यांना २०२३मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने आणि अरिजित सिंग यांना २०२४मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अशा गैरवापराविरुद्ध संरक्षण दिलं. नव्या कलाकाराला कोर्टाची पायरी चढण्यापेक्षा कराराची एक ओळ स्वस्त पडते.
- मध्येच बाहेर पडल्यास दंड: आकडा पाहून घाबरू नका, पण दुर्लक्षही करू नका. भारतीय करार कायद्याच्या कलम ७४नुसार करारातली रक्कम ही कमाल मर्यादा असते, न्यायालय त्या आत राहून वाजवी भरपाईच देतं. आणि कुणालाही जबरदस्तीने कॅमेऱ्यासमोर उभं करता येत नाही.
- तब्येत: डॉक्टर आणि समुपदेशक कुठे, किती वेळात मिळणार? औषधं जवळ ठेवता येणार का?

एक गोष्ट करारानेही माफ होत नाही. कपडे बदलण्याच्या किंवा अंघोळीच्या जागी बाईचं चोरून चित्रण करणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ खाली गुन्हा आहे. तिने चित्रणाला होकार दिला असेल पण ते इतरांना दाखवायला दिला नसेल, तर ते पसरवणंही त्याच कलमात येतं.

वाहिनीवरच्या चर्चेला बोलावणं आलं तर

सौंदर्यस्पर्धा, गोरेपणाची क्रीम, एखाद्या अभिनेत्रीची आत्महत्या, अशा विषयांवर मॉडेलना ऐनवेळी फोन येतात. मानधन बहुधा नसतं. फोनवरच तीन गोष्टी विचारा: विषय कसा मांडणार, समोर कोण असणार, कार्यक्रम थेट आहे की ध्वनिमुद्रित. ध्वनिमुद्रित मुलाखतीत तुमच्या पाच मिनिटांतलं दहा सेकंदांचं वाक्य लागतं, म्हणून मुख्य मुद्दा पहिल्याच वाक्यात पूर्ण सांगा. ज्या घटनेची तुम्हाला थेट माहिती नाही, त्यावर "मला माहीत नाही" म्हणायला अजिबात कचरू नका. कुणा व्यक्तीवर आरोप करू नका, बदनामीची नोटीस वाहिनीबरोबर तुम्हालाही येते.

एजन्सी अडवते आहे?

करार चालू असेपर्यंत "फक्त आमच्यामार्फतच काम" ही अट सहसा बंधनकारक ठरते. ती मोडून परस्पर शो स्वीकारला तर दावा होऊ शकतो. करार संपल्यानंतरचं बंधन मात्र वेगळं. करार कायद्याच्या कलम २७नुसार, कुणाला कायदेशीर धंदा करण्यापासून रोखणारा करार तेवढ्यापुरता रद्दबातल असतो. श्रीरामपूरच्या झहीर खानचा खटला इथे उपयोगी आहे. त्याच्या व्यवस्थापन कंपनीशी झालेला करार संपल्यावरही, दुसरी कुणी देऊ करेल ती रक्कम देऊन त्याला आपल्याकडे ठेवण्याचा पहिला हक्क आमचा, असा त्या कंपनीचा दावा होता. २००६मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो मान्य केला नाही. क्रिकेटपटूला लागू झालेलं तत्त्व मॉडेललाही लागू होतं.

तेव्हा आधी कराराची शेवटची तारीख पाहा, आणि तो आपोआप वाढतो असं कलम आहे का तेही पाहा. तसं असेल तर मुदत संपण्याआधी लेखी नोटीस द्यावी लागते. नव्या एजन्सीशी बोलताना कमिशन फक्त त्यांनी आणलेल्या कामावरच राहील, आणि माहितीपट, सूत्रसंचालन, पार्श्वनिवेदन ही कामं करारात आहेत की बाहेर, हे नावं घेऊन लिहा.

कायद्याने काय मिळतं

कॉपीराइट कायद्यात २०१२च्या दुरुस्तीनंतर कलाकारांचे हक्क बरेच स्पष्ट झाले. कलम ३८ब प्रमाणे आपल्या सादरीकरणाचं श्रेय मागण्याचा, आणि प्रतिष्ठेला धक्का लागेल अशी मोडतोड रोखण्याचा नैतिक हक्क कलाकाराला आहे. पण त्याच कलमात एक खुलासा आहे: केवळ संकलनासाठी किंवा वेळेत बसवण्यासाठी काही भाग काढला, तर ती मोडतोड धरली जात नाही. म्हणजे "माझा सीन कापला" ही तक्रार टिकणार नाही. "मी क च्या प्रश्नाला दिलेलं उत्तर ख च्या प्रश्नाला जोडलं" ही टिकू शकते.

आणखी दोन खाचा आहेत. चित्रपटातलं तुमचं काम अगदी प्रासंगिक असेल आणि रिवाजानुसार श्रेयनामावलीत नाव येत नसेल, तर या कायद्यातले बरेचसे हक्क लागू होत नाहीत. आणि माहितीपटात स्वतःचं आयुष्य सांगणारी व्यक्ती कायद्याच्या अर्थाने "कलाकार" ठरते का, यावर वकील दोन्ही बाजूंनी वाद घालू शकतात. दोन्हींवर उपाय एकच: श्रेयनामावलीत नाव कसं येईल आणि बोलणं संदर्भ तोडून वापरलं जाणार नाही, हे करारातच घ्या.

वेगळाच विषय सांगून संमती घेतली असेल तर ती फसवणुकीने घेतलेली संमती ठरते आणि करार रद्द करून मागता येतो. ते सिद्ध करायला पुरावा लागतो, म्हणून पहिल्या दिवसापासूनचे ईमेल आणि व्हॉट्सअ‍ॅप संदेश जपून ठेवा. करार स्टॅम्प पेपरवर नाही म्हणून तो करारच नाही, हा समज चुकीचा आहे. ईमेलवर ठरलेलं कायद्याने धरलं जातं.

पैसे अडकू नयेत म्हणून

करारात "प्रसारणानंतर ९० दिवसांनी" असं दिसलं की थांबा. कितीतरी कार्यक्रम चित्रित होतात आणि कधीच प्रसारित होत नाहीत. मुदत चित्रीकरणाच्या तारखेपासून मोजायला लावा. मालिकांच्या जगात ९० दिवसांची पद्धत रुळलेली आहे, पण ती काही कायदा नाही. तुम्ही उद्यम पोर्टलवर सूक्ष्म उद्योग म्हणून सेवा व्यवसायाची नोंदणी केली असेल, तर २००६च्या कायद्यानुसार लेखी करार असला तरी ४५ दिवसांत पैसे देणं बंधनकारक आहे, आणि उशिरावर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज मागता येतं. नोंदणी मोफत आहे. पहिला करार करण्याआधीच ती करा, नंतर केलेली नोंदणी जुन्या थकबाकीला उपयोगी पडेलच असं नाही.

- प्रत्येक कामाचं बिल पॅन क्रमांकासह ईमेलने पाठवा.
- व्यावसायिक मानधनातून साधारण १० टक्के कर कापला जातो. तो तुमच्या नावावर जमा झाला का, हे आयकराच्या पोर्टलवर तपासा.
- वर्षाची एकूण उलाढाल २० लाखांच्या वर गेली तर महाराष्ट्रात आणि गोव्यात जीएसटी नोंदणी लागते.
- बारा तासांच्या शिफ्टनंतरच्या कामाचा दर आधी ठरवा.
- थकबाकीचा दावा साधारणपणे तीन वर्षांच्या आत करावा लागतो. "पुढच्या सिझनला घेऊ, मग देऊ" यात ही वर्षं सरतात.

ऑडिशन आणि सुरक्षितता

ऑडिशनसाठी, "आर्टिस्ट कार्ड"साठी, नोंदणीसाठी कुणी पैसे मागितले तर तिथेच संभाषण संपवा. खरं काम तुम्हाला पैसे देतं, तुमच्याकडून घेत नाही. वाहिनीचं नाव सांगितलं असेल तर त्या वाहिनीच्या कार्यालयात स्वतः फोन करून खात्री करा. पैसे गेलेच तर लगेच १९३० या सायबर हेल्पलाइनवर कळवा, सुरुवातीच्या काही तासांत रक्कम गोठवता येण्याची शक्यता जास्त असते. हॉटेलच्या खोलीतली ऑडिशन नाकारा, "लूक टेस्ट"च्या नावाखाली कपड्यांबद्दल आयत्या वेळी आलेली मागणीही नाकारा.

लैंगिक छळाविरुद्धचा २०१३चा कायदा पगारी नोकरांपुरता नाही, एक दिवसाच्या कामावर आलेल्या मॉडेललाही तो लागू आहे. दहा किंवा जास्त माणसं काम करत असतील तर निर्मितीसंस्थेकडे अंतर्गत समिती असायलाच हवी. नसेल तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे तक्रार करता येते. मुदत तीन महिन्यांची असते, सबळ कारण असेल तर आणखी तीन महिने वाढू शकते. कॉल शीटवर समितीच्या अध्यक्षांचं नाव आणि फोन क्रमांक आहे का, हे पहिल्याच दिवशी पाहा.

बोलण्याची तयारी

मिलिंद सोमणला १९९५च्या 'मेड इन इंडिया' गाण्याने घराघरांत नेलं, पण त्यानंतर 'कॅप्टन व्योम'सारख्या मालिकेत उभं राहायला संवाद म्हणावे लागले. रॅम्पवर चेहरा स्थिर ठेवायची सवय लागते, टीव्हीवर तोच चेहरा निर्जीव दिसतो. रोज दहा मिनिटं वर्तमानपत्र मोठ्याने वाचा, मोबाइलवर चित्रित करा आणि आवाज बंद करून पाहा. चेहऱ्यावरून विषय कळतो का? मग फक्त आवाज ऐका. टेलिप्रॉम्प्टर वाचताना डोळ्यांची हालचाल दिसू नये, कानातल्या इअरपीसमध्ये सूचना येत असताना वाक्य तुटू नये, हे केवळ सरावानेच येतं. साताऱ्याचा, नागपूरचा किंवा मालवणचा हेल पुसून टाकायची गरज नाही, शब्द स्वच्छ पोहोचले की झालं.

कपड्यांचं शास्त्र सोपं आहे. बारीक रेषांचे आणि बारीक चौकटींचे कपडे पडद्यावर लहरतात. मागे हिरवा पडदा असेल तर हिरवं नको. लेपल माइक असेल तर बांगड्या आणि लांब हार काढून ठेवा.

पोर्टफोलिओही बदला. फोटोंच्या आधी एक मिनिटाची चित्रफीत ठेवा, ज्यात तुम्ही तुम्हाला खरंच ठाऊक असलेल्या एखाद्या विषयावर बोलता: पैठणीचं विणकाम, कोळीवाड्यातला मासळीबाजार, कुस्तीचा आखाडा, काहीही. माहितीपटाच्या दिग्दर्शकाला चेहऱ्यापेक्षा कुतूहल हवं असतं. मुंबईत दर दोन वर्षांनी होणाऱ्या मिफ महोत्सवात माहितीपट पाहायला जा, तिथे ते बनवणारी माणसं भेटतात.

काही बिघडलं तर

टीव्हीवर चुकीचं किंवा बदनामीकारक काही आलं तर आधी वाहिनीच्या तक्रार अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार करा. कार्यक्रमाची तारीख, वेळ आणि चित्रफीत जोडा. २०२१च्या नियमांप्रमाणे वाहिनीने १५ दिवसांत निर्णय द्यायचा असतो. समाधान झालं नाही तर पुढच्या १५ दिवसांत, ती ज्या स्वयंनियमन संस्थेची सदस्य आहे तिच्याकडे अपील करता येतं. मालिकेतल्या कामाचे पैसे अडले आणि तुम्ही सिंटा या कलाकार संघटनेचे सदस्य असाल, तर संघटनेकडे तक्रार नोंदवा. माहितीपट आणि रिअ‍ॅलिटी शोच्या बाबतीत संघटनेचा हात तिथवर पोहोचेलच असं नाही, म्हणून तिथे वकिलाची नोटीस हाच सरळ मार्ग आहे.

नव्या कामाला होकार देण्याआधी घरातले जुने सगळे करार बाहेर काढा. प्रत्येकावर दोन तारखा लाल पेनाने लिहा: बांधीलकी कधी संपते आणि फोटो वापरायची मुदत कधी संपते. त्यातल्या एकाची जरी तारीख सापडली नाही, तर ती विचारणारा ईमेल संबंधित एजन्सीला आजच पाठवा.